स्वतःच्याच भूमिकेत: पेद्रो झमोराचं प्रकरण

सामान अजून पुरतं लागलं नव्हतं. कोण कोणत्या खोलीत झोपणार याचीच बोलणी चालली होती. सॅन फ्रान्सिस्कोतल्या रशियन हिलवर, लोंबार्ड स्ट्रीटच्या ९४९ क्रमांकाच्या घरात फेब्रुवारी १९९४ मध्ये एमटीव्ही या अमेरिकेतल्या तरुणांच्या वाहिनीवरच्या 'द रिअल वर्ल्ड' या कार्यक्रमासाठी काही अनोळखी तरुण-तरुणी राहायला आले होते. त्यांच्यातल्या एकानं, बाविशीच्या उंबरठ्यावरच्या पेद्रो झमोरानं, बॅगेतून एक चिकटवही काढून सगळ्यांपुढे ठेवली. वहीत वर्तमानपत्रांची कात्रणं होती आणि त्या कात्रणांत तो स्वतः होता. शाळाशाळांत जाऊन एड्सबद्दल बोलणारा, एचआयव्हीबाधित असलेला मुलगा. पानं उलटता उलटता घरातल्यांना कळलं की हाच तो.

'हाच तो' म्हणायचं कारण असं की आपल्यापैकी एकाला एचआयव्हीची लागण झालेली आहे, एवढं निर्मात्यांनी त्यांना आधी सांगून ठेवलं होतं. नाव सांगितलं नव्हतं. त्या नावाची वाट पाहत ही मुलं त्या घरात शिरली होती. जड विनिक हा व्यंगचित्रं काढणारा तरुण पुढे पेद्रोचा जिवलग मित्र झाला. त्यानं नंतर मोकळेपणानं कबूल केलं आहे की स्वतःला पुढारलेल्या विचारांचा समजत असूनही एड्स झालेल्या माणसाबरोबर एका छपराखाली राहायचं म्हटल्यावर त्याच्या पोटात गोळा आला होता.

हे प्रकरण मी अभ्यासाला निवडलं त्याचं मुख्य कारण ती चिकटवही. 'खऱ्या आयुष्यावरच्या' कार्यक्रमांत माणूस सापडतो, कॅमेरा त्याला गाठतो, अशी एक सर्वसाधारण समजूत आहे. पेद्रो सापडला नाही. तो तयारी करून आला होता. स्वतःच्या रूपात पडद्यावर दिसणं हे त्याचं काम होतं आणि ते त्यानं ठरवून, विचार करून हाती घेतलं होतं. त्याच वेळी तो जे दाखवत होता त्यातलं काहीही खोटं नव्हतं. या दोन गोष्टी एकत्र नांदू शकतात का, हा प्रश्न या प्रकाराच्या माध्यमाबद्दल नेहमी विचारला जातो. मला तरी त्याचं सगळ्यात स्वच्छ उत्तर पेद्रोच्या चार-सहा महिन्यांत मिळतं.

माणूस

पेद्रोचा जन्म २९ फेब्रुवारी १९७२ रोजी क्युबात, हवानाच्या परिसरात झाला. आठ भावंडांतला तो सगळ्यात धाकटा. १९८० साली मारिएल बंदरातून क्युबन लोकांची रीघ अमेरिकेकडे निघाली. एप्रिल ते ऑक्टोबर या काळात सुमारे सव्वा लाख माणसं होड्यांनी फ्लोरिडाला पोचली, आणि त्यांत आठ वर्षांचा पेद्रो आणि त्याचे आईवडील होते. मोठ्या भावंडांना मात्र बाहेर पडू दिलं गेलं नाही, कारण त्यांची वयं लष्करी सेवेच्या जवळ आली होती. कुटुंब मायामीलगतच्या हायलीआत स्थिरावलं आणि पेद्रो तेरा वर्षांचा असताना आई त्वचेच्या कर्करोगानं गेली.

शाळेत तो हुशार आणि सर्वांचा लाडका होता. सतरा वर्षांचा असताना, १९८९ साली, रेडक्रॉसच्या रक्तदान शिबिरात त्यानं रक्त दिलं आणि काही दिवसांनी पत्र आलं. पुढच्या तपासणीत एचआयव्ही असल्याचं नक्की झालं. एड्स कुणाला होतो याबद्दल त्याच्या मनात जे चित्र होतं त्यात शाळेत उत्तम गुण मिळवणारा मुलगा नव्हता. त्या चित्रात अमली पदार्थ टोचून घेणारे होते, देहविक्रय करणाऱ्या बायका होत्या. शाळेत जी काही माहिती सांगितली गेली ती त्याला स्वतःबद्दलची वाटलीच नव्हती. पुढे आयुष्यभर, म्हणजे उरलेली पाचच वर्षं, तो याच एका गोष्टीवर बोलत राहिला: माहिती देणं पुरत नाही, ऐकणाऱ्याला ती आपल्याबद्दलची आहे असं वाटलं पाहिजे.

तो शाळांतून, चर्चमधून, सभागृहांतून बोलू लागला. १९९१ साली 'वॉल स्ट्रीट जर्नल'च्या पहिल्या पानावर त्याच्यावर लेख आला. जुलै १९९३ मध्ये त्यानं अमेरिकी काँग्रेसच्या समितीपुढे साक्ष दिली. माझ्यासारख्या तरुण, समलिंगी, गोऱ्या नसलेल्या मुलापर्यंत पोचायचं असेल तर मला समजेल अशा भाषेत आणि शब्दांत सांगा, हा तिथल्या त्याच्या म्हणण्याचा गाभा.

पण एका वेळी एका वर्गापुढे बोलून किती जणांपर्यंत पोचणार? प्रवासानं तो थकत चालला होता. त्याच्या एका मित्रानं सुचवलं की या कार्यक्रमासाठी अर्ज कर. एका घरात राहायचं, गावोगाव हिंडायला नको, आणि पाहणारे लाखो. थकलेल्या माणसानं शोधलेला हा व्यवहारी तोडगा होता, आणि त्याला प्रसिद्धीचा सोस म्हणणं मला अन्यायाचं वाटतं.

घर आणि त्यामागची यंत्रणा

'द रिअल वर्ल्ड' सुरू झाला १९९२ साली, न्यूयॉर्कमध्ये. 'बिग ब्रदर' नेदरलँड्समध्ये १९९९ साली आला, म्हणजे एका घरात माणसं ठेवून त्यांचं जगणं दाखवायचा हा प्रकार त्याच्याही सात वर्षं आधीचा. निर्माते दोघे, मेरी-एलिस ब्युनिम आणि जोनाथन मरे. ब्युनिमबाई दुपारच्या दैनंदिन मालिकांच्या दुनियेतून आल्या होत्या, मरे बातम्या आणि माहितीपटांच्या. एमटीव्हीला खरं तर तरुणांसाठी नेहमीसारखी मालिका हवी होती. लेखक, नट, संहिता यांचा खर्च झेपेना, म्हणून लेखक आणि नट वगळून उरलं ते करायचं ठरलं. या जन्मकथेत बरंच काही आहे. संहिता नसली तरी मालिकेची हाडं तशीच राहिली: भांडण, प्रेम, निरोप, आणि पुढच्या भागात काय होणार ही उत्सुकता.

१२ फेब्रुवारी ते १९ जून, असं सव्वाचार महिने चित्रीकरण चाललं. प्रक्षेपित झाले अर्ध्या अर्ध्या तासाचे वीस भाग, जाहिराती वगळल्या तर साडेसात तासांच्या आतबाहेर. सव्वाचार महिन्यांतलं बाकी सगळं संकलकाच्या टेबलावर राहिलं. पेद्रोच्या ताब्यात तो काय बोलतो, कसा वागतो एवढंच होतं. त्यातलं काय दिसेल, कशाच्या शेजारी दिसेल, कोणत्या गाण्यावर दिसेल हे ठरवणारे वेगळे होते. स्वतःच्या भूमिकेत दिसणाऱ्या प्रत्येकाची हीच स्थिती असते, आणि नटापेक्षा ती अवघड आहे. नटाचं पात्र वाईट दिसलं तर नट घरी जाऊन वेगळा माणूस होऊ शकतो. इथे घरी जाणारा तोच असतो.

घरातले इतर: जड, पॅम लिंग ही वैद्यकीय शिक्षण घेणारी, मोहम्मद बिलाल हा गाणारा-लिहिणारा, कोरी मर्फी, रेचल कँपोस ही कॅथलिक आणि रिपब्लिकन विचारांची, आणि पक, सायकलवरून पाकिटं पोचवण्याचं काम करणारा. पकला त्याच सुमारास अटक झाली होती, त्यामुळे तो घरात उशिरा दाखल झाला.

रेचलला पहिल्या संध्याकाळी पेद्रोची गोष्ट ऐकून अवघड वाटलं आणि तिनं ते लपवलं नाही. मला हा भाग महत्त्वाचा वाटतो, कारण पडद्यापलीकडे बसलेल्या कितीतरी घरांत तेच चाललं असणार. भीती वाटणाऱ्याला मूर्ख न ठरवता त्याच्याशी बोलायचं कसं, हे पेद्रोचं रोजचं काम होतं. ताटं-वाट्या एकत्र वापरल्यानं, मिठी मारल्यानं, एका न्हाणीघरात अंघोळ केल्यानं एचआयव्ही होत नाही हे तो सभागृहात शेकडो वेळा सांगून चुकला होता. इथे सांगायची गरजच उरली नाही. तो स्वयंपाकघरात उभा होता, इतर त्याच्या शेजारी जेवत होते, जड त्याच्याच खोलीत झोपत होता. आठवड्यामागून आठवडे हे दिसत राहिलं. कोणत्याही भित्तिपत्रकाला जे साधत नाही ते या नेमानं दिसण्यानं साधलं.

बरणी

आता प्रकरणाचा गाठीचा भाग. पीनट बटरची बरणी घरात असते, आणि कुणी तरी त्यात बोट घालतं. एरवी ही फार तर तक्रारीची बाब. पक नाक कोरायचा, अंगावरच्या खपल्या खाजवायचा, आणि तेच बोट बरणीत घालायचा. ती बरणी पेद्रोची होती.

लोक घाबरत होते पेद्रोपासून आपल्याला काही होईल म्हणून. वैद्यकीयदृष्ट्या धोका उलट दिशेनं होता. प्रतिकारशक्ती सांभाळणाऱ्या सीडी४ पेशी निरोगी माणसाच्या एका घनमिलिमीटर रक्तात साधारण ५०० ते १५०० असतात. १९९३ पासून अमेरिकेत त्या २०० च्या खाली गेल्या की एड्स धरला जाऊ लागला. त्या पातळीवर, इतरांच्या अंगावरून सहज ओघळून जाणारा जंतूही माणसाला अंथरुणाला खिळवू शकतो. चित्रीकरण चालू असतानाच पेद्रोला न्यूमोनिया झाला. घरातल्या घाणेरड्या हाताचं त्याला वाटणारं भय हे नखऱ्याचं नव्हतं. अनेक वर्षांनी हे भाग बघणारे विद्यार्थी मला विचारतात की एका बरणीवरून एवढं काय? मी त्यांना सीडी४ चा आकडा सांगतो. त्यानंतर बरणीचा प्रश्न कुणी विचारत नाही.

बरणी एकटी नव्हती. पक पेद्रोच्या उच्चारांची नक्कल करायचा, समलिंगी लोकांवरून बोलायचा, पेद्रो आणि त्याचा जोडीदार यांच्या नात्याची टिंगल करायचा. घरातल्या इतरांशीही त्याची भांडणं होत. महिने सरत गेले तसतसा पेद्रोचा थकवा वाढत गेला, आणि एके दिवशी त्यानं सांगून टाकलं: एक तर तो राहील, नाही तर मी.

पुढे घरातल्यांनी बसून ठरवलं आणि पक बाहेर असताना स्पीकरफोनवर त्याला कळवलं की तू परत येऊ नकोस. त्याच्या जागी पुढे जो रोड्स ही ब्रिटिश तरुणी आली.

या निर्णयावर दोन्ही बाजूंनी बोललं जातं. पकच्या बाजूनं म्हणणारे सांगतात की त्यालाही 'स्वतः' म्हणूनच बोलावलं होतं. तो जसा होता तसा वागला, आणि कार्यक्रमाला त्याचा तसला स्वभावच हवा होता. हे खरं आहे, आणि मी ते पुसून टाकणार नाही. असा माणूस घरात आला की भांडण होणार हे निवड करणाऱ्यांना कळत नव्हतं असं मानणं अवघड आहे. संकलनात त्याची घाणेरडी बाजूच पुन्हा पुन्हा पुढे आली असणार, यातही मला शंका नाही.

पेद्रोवरचा आक्षेप अधिक टोकदार आहे. त्याला आपलं वजन ठाऊक होतं, असं म्हणतात. एड्स झालेला मुलगा घर सोडून गेला तर कार्यक्रमाचं काय होईल हे तो ओळखून होता, म्हणून त्यानं ती अट घातली. समजा ओळखून होता. मग? ज्याच्या शरीरानं त्याची साथ सोडायला सुरुवात केली आहे त्यानं आपल्या हातात असलेलं एकमेव वजन वापरू नये, अशी अपेक्षा कशाच्या आधारावर करायची? मला या प्रसंगातला खरा दोष वेगळीकडे दिसतो. प्रतिकारशक्ती ढासळत असलेल्या माणसाच्या घरातली स्वच्छता ही त्या घराची व्यवस्था बघणाऱ्यांची जबाबदारी होती. ती वीस-पंचवीस वर्षांच्या मुलांच्या मतदानावर सोडली गेली, आणि त्या मतदानाचा भाग करून दाखवला गेला. प्रेक्षक म्हणून आपण तो भाग डोळे न मिटता पाहिला. त्याच्या उत्कंठेत आपलाही वाटा होता.

त्यानंतरच्या भागांत पेद्रोच्या चेहऱ्यावरचा ताण उतरलेला दिसतो. तो अधिक हसतो, आणि अधिक थकलेलाही दिसतो. दोन्ही एकाच चेहऱ्यावर.

अंगठ्या

शॉन सॅसर पेद्रोला वर्षभर आधी, १९९३ च्या वॉशिंग्टनमधल्या समलिंगी हक्कांच्या मोर्चात भेटला होता. तोही एचआयव्हीबाधित, तोही एड्सविषयी शिकवणारा. सॅन फ्रान्सिस्कोत त्यांचं नातं पुन्हा जुळलं, शॉननं मागणी घातली आणि त्याच घरात, घरातल्यांच्या आणि मित्रांच्या साक्षीनं, दोघांनी एकमेकांच्या बोटात अंगठ्या घातल्या. १९९४ मध्ये अमेरिकेच्या एकाही राज्यात दोन पुरुषांचं लग्न कायद्यानं होऊ शकत नव्हतं. मॅसॅच्युसेट्समध्ये ते शक्य झालं २००४ साली आणि देशभर २०१५ साली. तरुणांच्या वाहिनीवर मात्र ते त्याआधीच झालं होतं.

यावर मी लांबण लावणार नाही, कारण त्या भागाचं बळ त्याच्या साधेपणातच आहे. कुठलं भाषण नाही. दोन माणसं एकमेकांकडे बघतात आणि थोडी लाजतात. पेद्रोनं आयुष्यभर जी भाषा शोधली, ऐकणाऱ्याला आपल्याबद्दलची वाटेल अशी, ती इथे होती. लग्नात कोण लाजत नाही?

दोन घड्याळं

चित्रीकरण जूनमध्ये संपलं, आणि भाग दाखवायला सुरुवात झाली ती त्या उन्हाळ्यात. इथून प्रकरणाला एक असं वळण लागतं की त्याच्यापुढे संहिता लिहिणाऱ्यानं हात टेकावेत.

ऑगस्टमध्ये पेद्रो एका मुलाखतीसाठी न्यूयॉर्कला गेला. तिथे त्याला भ्रमिष्टासारखं व्हायला लागलं. त्याला ग्रिनिच व्हिलेजमधल्या सेंट व्हिन्सेंट रुग्णालयात नेलं. आधी निदान झालं टोक्सोप्लाझ्मोसिसचं, म्हणजे एका परजीवीमुळे मेंदूत होणाऱ्या संसर्गाचं. पुढच्या तपासण्यांत त्याहून वाईट निघालं: पीएमएल हा मेंदूचा जीवघेणा आजार. जेसी नावाचा विषाणू बहुतेक प्रौढ माणसांच्या शरीरात निपचित पडून असतो. प्रतिकारशक्ती कोसळली की तो मेंदूतल्या पांढऱ्या भागावर तुटून पडतो, मज्जातंतूंवरचं आवरण तयार करणाऱ्या पेशी मारतो. माणसाचं बोलणं जातं, हालचाल जाते, आठवण जाते. तेव्हा त्यावर उपचार नव्हता. डॉक्टरांनी हातात तीन-चार महिने आहेत असं सांगितलं.

ज्याचं सगळं आयुष्य बोलण्यावर उभं होतं त्याचं बोलणं जात होतं.

आणि घरोघरी, दर आठवड्याला, तो पडद्यावर बोलत होता. जुलै-ऑगस्ट-सप्टेंबर-ऑक्टोबर. चिकटवही उघडत होता, स्वयंपाकघरात हसत होता, पकला उत्तर देत होता, शॉनला अंगठी घालत होता. पाहणाऱ्यांचा पेद्रो हा चार-पाच महिन्यांपूर्वीचा पेद्रो होता. आजचा पेद्रो मायामीच्या रुग्णालयात होता. नाटकात माणूस समोर असतो, चित्रपटात तो कुणी वेगळा झालेला असतो. इथे तोच माणूस दोन काळांत एकाच वेळी होता आणि सगळा देश त्याला चुकीच्या काळात बघत होता. या माध्यमाला 'खरं' म्हणताना ही फट विसरली जाते. पेद्रोच्या बाबतीत ती फट म्हणजे एका माणसाचं उरलेलं आयुष्य होती.

त्याच्याजवळ आरोग्य विमा नव्हता. उपचारांच्या खर्चासाठी एमटीव्हीनं निधी उभारला. राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांनी त्याला फोन केला. पुढे त्यांनी पेद्रोबद्दल असे उद्गार काढले की आता अमेरिकेत कुणालाच एड्स झालेला माणूस आपल्या ओळखीत नाही असं म्हणता येणार नाही. क्युबात राहिलेल्या भावंडांना अमेरिकेत येण्याची परवानगी मिळाली. चौदा वर्षांनी भावंडं एका खोलीत आली, आणि ती खोली रुग्णालयाची होती.

शेवटचा भाग दाखवला गेला १० नोव्हेंबर १९९४ रोजी. दुसऱ्या दिवशी, ११ नोव्हेंबरच्या पहाटे, पेद्रो गेला. बावीस वर्षांचा होता.

योगायोग इतका नेमका आहे की तो सांगताना अवघडल्यासारखं होतं. मी जितक्या वेळा हे प्रकरण मांडतो तितक्या वेळा कुणी ना कुणी म्हणतं, हे जुळवून आणल्यासारखं वाटतं. मालिका बघायची सवय लागलेल्या डोळ्यांना तसं वाटणारच. पण प्रक्षेपणाच्या तारखा आधीच ठरलेल्या असतात आणि पीएमएलला वेळापत्रक ठाऊक नसतं.

काय जमलं, काय नाही

काय जमलं हे मोजायला माझ्याजवळ आकडा नाही आणि मी तो घडवणार नाही. जे उघड दिसतं ते एवढं: त्या काळी एड्सविषयी सार्वजनिक बोलणं बहुधा दोन साच्यांत चालायचं. एक साचा दोषी माणसाचा, दुसरा निष्पाप बळीचा. रक्त चढवताना लागण झालेलं मूल हे निष्पाप, आणि समलिंगी पुरुष हा स्वतःच्या कर्माची फळं भोगणारा. पेद्रो दोन्हींत बसत नव्हता. लागण लैंगिक संबंधातून झाली हे तो सरळ सांगायचा आणि त्याबद्दल माफी मागायचा नाही. त्याला कुणाची दया नको होती, कुणी त्याला माफ करावं असंही नव्हतं. तो प्रेमात पडलेला, घरातल्या घाणीवर चिडणारा, देखणा, कधी कधी हट्टी मुलगा होता. सव्वाचार महिने कॅमेऱ्यापुढे राहिल्याशिवाय हे सगळं एका माणसात बघायला मिळालं नसतं. एका मुलाखतीत मावलं नसतं, भाषणात तर नाहीच.

काय जमलं नाही, तेही आहे. कार्यक्रमानं नंतरच्या वर्षांत पेद्रोपेक्षा पककडूनच जास्त शिकून घेतलं. त्यानंतर आलेल्या असंख्य घरांत चिकटवही घेऊन येणारे थोडे आणि बरणीत बोट घालणारे पुष्कळ आले, कारण भांडण हमखास बघितलं जातं. पेद्रोनं या प्रकाराला त्याचा सर्वांत चांगला उपयोग दाखवून दिला होता आणि धंद्यानं तो मार्ग फारसा चोखाळला नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

आणि औषधं. एझेडटी १९८७ पासून होतं, पण विषाणू त्याला लवकर सरावत असे. साक्विनाविर, विषाणूच्या वाढीला लागणारं प्रोटीएज हे विकर रोखणारं पहिलं औषध, अमेरिकेत मंजूर झालं डिसेंबर १९९५ मध्ये. १९९६ पासून तीन औषधं एकत्र द्यायला सुरुवात झाली आणि अंथरुणावरची माणसं उठून कामाला जाऊ लागली. १९९५ साली अमेरिकेत एड्सनं सुमारे ५० हजार माणसं गेली, आणि पुढच्या वर्षापासून तो आकडा घसरू लागला. पेद्रोच्या मृत्यूपासून साक्विनाविरच्या मंजुरीपर्यंत तेरा महिने गेले. शॉनला ते तेरा महिने मिळाले. तो २०१३ पर्यंत जगला आणि गेला तो वेगळ्याच आजारानं.

घरातल्या माणसांपैकी रेचल पुढे दूरचित्रवाणीवरचा राजकीय चेहरा झाली. पॅम डॉक्टर झाली. तिचं आणि जडचं त्या घरात नुसतं मैत्र होतं, आणि २००१ साली त्यांनी लग्न केलं. जडनं त्याआधी वर्षभर पेद्रोबरोबरच्या मैत्रीवर चित्रांतून सांगितलेलं पुस्तक काढलं.

पण जडनं केलेली पहिली गोष्ट पुस्तकाच्या कितीतरी आधीची आहे. ऑगस्टमध्ये पेद्रो रुग्णालयात गेला तेव्हा त्याच्या व्याख्यानांच्या तारखा ठरून गेलेल्या होत्या. मुलं सभागृहात जमणार होती. पेद्रो बरा होईपर्यंत मी बोलतो, असं जडनं सांगितलं. एड्स न झालेला, भाषणांची सवय नसलेला, व्यंगचित्रं काढणारा मुलगा पेद्रोसाठी लावलेल्या ध्वनिक्षेपकापुढे जाऊन उभा राहिला आणि त्याला जेवढं ठाऊक होतं ते सांगू लागला: माझा एक मित्र आहे, मी त्याच्या खोलीत राहत होतो, आणि पहिल्या दिवशी मला त्याची भीती वाटली होती.